पाठीवरच्या दोन खुणा

बोरदऱ्याच्या बाईचा फोटो पडद्यावर आला आणि केतकी डुंबरेनं हातातला चहा बाजूला ठेवला. पाठीचा वरचा भाग, खांद्याच्या दोन्ही फऱ्यांच्या मधला. तिथं दोन भोकं होती, एकमेकांपासून तीन बोटांवर. भोवती थोडी सूज, थोडं वाळलेलं रक्त. फोटोखाली यंत्रानं आपला निकाल आधीच मांडून ठेवला होता. छातीच्या मागच्या भिंतीवर टोचल्याची जखम, परकी वस्तू नाही, छातीच्या पोकळीपर्यंत पोचलेली नाही. आणि त्याखाली, कारणाच्या जागी: बिबट्याचा हल्ला.

केतकीनं ते वाचायचं आणि मान्यतेच्या खुणेवर बोट टेकवायचं. एवढंच तिचं काम उरलं होतं.

शेलवडीच्या या इस्पितळात ती कोडर म्हणून लागली तेव्हा हे काम वेगळं होतं. डॉक्टरांनी घाईघाईत खरडलेलं वाचायचं आणि प्रत्येक दुखण्याला जगभर चालणारं अक्षर-आकड्यांचं नाव द्यायचं. पाठीत काहीतरी टोचलं, एवढ्यानं भागायचं नाही. डावीकडं की उजवीकडं, टोचलं की चिरलं की चावलं, आत काही राहिलं का, छातीच्या पोकळीपर्यंत गेलं का, या प्रत्येक प्रश्नाच्या उत्तराबरोबर नाव बदलायचं. जखमेच्या नावामागोमाग तिच्या कारणाचं दुसरं नाव यायचं. एकच भोक, पण ते खिळ्यावर पडून झालं असेल तर एक नाव, कुणी सुरा खुपसला असेल तर दुसरं. जखमेच्या नावावर उपचार ठरायचे. कारणाच्या नावावर मात्र इस्पितळाबाहेरचं बरंच काही हलायचं. पोलीस यायचे किंवा यायचे नाहीत, विमा मिळायचा किंवा मिळायचा नाही.

आता ही दोन्ही नावं यंत्र देत असे. इस्पितळातले सगळे त्याला 'कारकून' म्हणत. खाटेवरचा कॅमेरा जखम बघे, भिंतीतला माइक रुग्णाचं आणि नातेवाइकांचं बोलणं ऐके, आणि अशा लाखो जखमा पूर्वी बघितलेला तो कारकून क्षणात सांगून टाके की ही अमुक, अमक्यामुळे झालेली. बहुतेक वेळा त्याचं बरोबरच असे.

"नखांचे ओरखडे दिसत नाहीत," केतकी म्हणाली.

डॉ. शबाना इनामदार तिच्या मागून पडद्याकडं बघत होत्या. सकाळपासून त्यांना बसायला मिळालं नव्हतं. "स्वेटर होता अंगात. आणि बिबट्या हल्ली मान सोडून पाठ धरायला लागलाय म्हणे. याआधीच्या दोघींचंही असंच होतं ना?"

"हो. बोरदऱ्याच्याच होत्या."

"वाचल्या हे नशीब समज. कर मान्य. खाली बालदमा घेऊन एक पोर आलंय."

केतकीनं बोट टेकवलं.

*

त्या बोटाचं दुसरं टोक तिच्याच घरात होतं. तिचा नवरा हेमंत सहजीव योजनेच्या शेलवडी केंद्राचा प्रमुख होता.

या खोऱ्यात उसाला पाणी आलं आणि उसात बिबटे आले, त्याला कित्येक वर्षं झाली होती. उसातच जन्मलेल्या बिबट्याला डोंगर ठाऊक नसतो. त्याला ऊस हेच रान वाटतं आणि वस्तीवरचं कुत्रं ही शिकार. कधीमधी ती शिकार म्हणजे माणसाचं पोर असायचं. हेमंतच्या धाकट्या बहिणीचं, सारिकाचं पोर असंच गेलं. ओजू अंगणात खेळत होता. सारिका पाण्याची मोटर बंद करून येईतो अंगण रिकामं होतं. हेमंत तेव्हा पुण्यात नोकरीला होता. ओजूचं सापडलं तेवढं घेऊन दहन झालं आणि त्याच आठवड्यात त्यानं पुण्याची नोकरी सोडली.

मग सहजीव योजना चालवणाऱ्या मंडळाच्या घारी आल्या. घारी हे नाव लोकांनी ठेवलेलं. आवाज न करणारी, हाताच्या कवेत मावतील एवढी ती विमानं शेतांवरून फिरत, अंगाच्या उष्णतेवरून आणि आकारावरून बिबट्या ओळखत आणि वरूनच त्याच्या पाठीत दोन सुया मारत. एका सुईत भूल. दुसरीत पिल्लं न होऊ देणारी लस. सुयांचं टोक विरघळणारं होतं, शेपूट वाऱ्यावर उडून जाणारं. भूल चढली की केंद्रातली गाडी जाऊन जनावर उचलायची आणि लांबच्या अभयारण्यात सोडायची. कुणी मरायचं नाही, ना माणूस, ना बिबट्या. योजना सुरू झाल्यापासून खोऱ्यातलं एकही मूल गेलं नव्हतं. उद्घाटनाला मंडळाच्या लोकांनी सारिकाला पुढं उभं केलं होतं. पहिली घार तिनंच तळहातावरून सोडली होती.

"तू तिकडं बोट टेकवतेस आणि इकडं माझी घार उडते," हेमंत एकदा जेवताना कौतुकानं म्हणाला होता. इस्पितळातून बिबट्याच्या हल्ल्याची नोंद झाली की ती थेट मंडळाच्या यंत्राकडं जाई. ज्या गावातून नोंदी वाढतील ते गाव नकाशावर लाल होई. लाल गावावर घारी जास्त वेळ फिरत, खाली उतरून फिरत, आणि सुई मारण्याआधी कमी वेळ थांबत.

"कमी वेळ थांबतात म्हणजे?" केतकीनं तेव्हा विचारलं होतं.

"म्हणजे हिरव्या गावात ती दहादा तपासते, हा बिबट्याच आहे ना म्हणून. लाल गावात दहादा तपासेपर्यंत पोर उचललेलं असतं गं."

तिला ते पटलं होतं. न पटायला त्यात काही नव्हतं.

*

त्यानंतर सारिकालाच इस्पितळात आणलं.

कांद्याच्या लागणीचे दिवस होते. उसाच्या कडेच्या वाफ्यात बायका रांगेनं वाकून रोपं टोचत होत्या, सारिका रांगेच्या टोकाला होती. कुणाच्या लक्षात आलं तोवर ती वाफ्यातच पालथी पडलेली, श्वास खोल आणि संथ, पाठीवर रक्त. बायकांनी "वाघ! वाघ!" म्हणून शिवार डोक्यावर घेतलं. बिबट्या मात्र कुणी बघितला नव्हता.

केतकी धावत वॉर्डात गेली. कोडरला तिथं काही काम नसतं. फोटो वर येतो, जखम खालीच राहते. सारिका जागी झाली होती, पण तिचे डोळे कुठंतरी लांब होते.

"वहिनी, मी पाह्यला त्याला."

"कुणाला?"

"वाघाला. उसातनं आला. एवढं डोकं. मला नाय काय केलं त्यानं, नुसता पाठीवर पंजा ठेवला." सारिकाच्या चेहऱ्यावर भीती नव्हती, हे केतकीला फार विचित्र वाटलं. "आणि वहिनी, ओजू होता त्याच्यासंगं. त्याच्या अंगाला टेकून बसला होता. माझ्याकडं बघत होता."

खाटेजवळ उभा असलेला तिचा नवरा अंकुश हाडवळे तोंड फिरवून खिडकीपाशी गेला. भिंतीतल्या माइकचा हिरवा दिवा लागलेला होता. केतकी वर आली तेव्हा कारकुनानं निकाल मांडून ठेवला होता, शब्दन् शब्द आधीच्या तिघींसारखाच. फक्त खात्रीचा आकडा या वेळी आणखी वर गेला होता. याही रुग्णानं स्वतः बिबट्या पाहिल्याचं सांगितलं होतं.

केतकीनं खुणेवर बोट टेकवलं नाही. का ते तिलाही सांगता आलं नसतं. घरच्या माणसाचं प्रकरण आहे, उद्या बघू, असं तिनं स्वतःला समजावलं.

दुसऱ्या दिवशी ती बोरदऱ्याला गेली. सारिका माजघरात पालथी झोपली होती. केतकीनं कोमट पाण्यानं पट्टी सोडवली आणि पहिल्यांदा ती जखम नुसत्या डोळ्यांनी बघितली. दोन्ही भोकं एकसारखी गोल होती. दात आत शिरतो आणि जनावर हिसका देतं तेव्हा कातडी एका बाजूला फाटते. तसे शेकडो फोटो तिनं बघितले होते. इथं काही फाटलं नव्हतं. तिनं डाव्या भोकाशेजारी हलकेच बोट फिरवलं. कातडीखाली काहीतरी लागलं. तांदळाच्या दाण्याएवढं, कडक, बोटाखाली सरकणारं.

"दुखतं का गं?"

"नाय. काय आहे?"

कोपऱ्यात सारिकाचा कालचा स्वेटर धुवायला टाकलेला होता. तिनं तो उजेडात नेला. पाठीवरच्या भोकाच्या कडेला नारिंगी रंगाचा कापसासारखा बारीक धागा चिकटला होता. हेमंतच्या केंद्रात, फडताळातल्या खोक्यात, असल्याच नारिंगी शेपट्या ओळीनं मांडलेल्या तिनं पाहिल्या होत्या.

तिनं तो धागा चिमटीत धरून रुमालात गुंडाळला.

*

केंद्र म्हणजे टेकडीवरचं पत्र्याचं घर. छपरावर घारी बसायच्या जागा, आत नकाशाचा मोठा पडदा. नकाशात बोरदरा लाल होतं, आजूबाजूच्या वाड्याही लाल होऊ लागल्या होत्या. हेमंतनं आधी हसण्यावारी नेलं, मग तो चिडला, मग तिनं धागा टेबलावर ठेवला तेव्हा त्यानं तो उचलून उजेडात धरला.

"बोरदऱ्यात गेल्या महिन्यात सुया लागल्या, त्यातली किती जनावरं गाडीला सापडली?" केतकीनं विचारलं.

"काही काही उठून जातात. भूल कमी पडते."

"सापडली किती, हेमंत?"

त्यानं पडद्याकडं बघितलं. मग डोळे मिटून घेतले. "एकही नाही."

"तुला शंका आली नाही?"

"शंका आली की मी ओजूला आठवतो." तो खुर्चीत मागं टेकला. बोलायला लागला तेव्हा दुसऱ्याच कुणाची चूक समजावून सांगावी तसा बोलत होता. घार माणूस ओळखते ती उभ्या आकारावरून. वाकलेला माणूस वरून बघितला तर चार पायांचा दिसतो, गरम दिसतो आणि उसाच्या कडेनं हळूहळू सरकतो. हिरव्या गावात घार थांबायची, दहा वेळा तपासायची, तेवढ्यात बाई पाठ सरळ करायची आणि घार निघून जायची. कधीतरी एकदा ती चुकली असेल. त्या एका चुकीची इस्पितळात बिबट्या म्हणून नोंद झाली. गाव जरा लाल झालं. घार जरा कमी थांबली. मग दुसरी बाई. मग तिसरी.

"आणि प्रत्येकीला मी मान्यता दिली," केतकी म्हणाली.

"कारकुनाला तरी काय दिसणार? दोन भोकं, बिबट्याचं खोरं. आणि बाई स्वतः सांगते वाघ बघितला." त्यानं कपाळ चोळलं. "ती भूलच तसली आहे. माणसाला दिली तर त्याला दिसायला लागतं. ज्याच्या मनात जे असेल ते."

"आणि तो दाणा? दुसऱ्या सुईतला?"

हेमंतनं वर बघितलं. त्याच्या चेहऱ्यावरून केतकीला उत्तर कळलं, तरी तिला ते ऐकायचं होतं.

लस दाण्यात होती. दाणा कातडीखाली महिनाभर विरघळत राहतो आणि शरीराला शिकवतो, की मेंदूतून निघणारा एक निरोप शत्रू समजून मारून टाक. तो निरोप पोचला नाही की अंडाशय झोपी जातं. तो निरोप बिबट्याच्या मादीत जो असतो तोच बाईमध्ये असतो, त्यात काही फरक नाही. मादीला पुढं चार-पाच वर्षं पिल्लं होत नाहीत.

"सारिकाची पुण्याला मुलासाठी ट्रीटमेंट चालू आहे," केतकी म्हणाली. "तुला माहीत आहे ना? ओजूनंतर पहिल्यांदा ती हो म्हणालीय."

"लगेच काढला तर..." हेमंत खुर्चीत पुढं सरकला. "शिकायला शरीराला वेळ लागतो. लगेच काढला तर होईल."

"मग घारी बंद कर."

तो उठला आणि दारापर्यंत गेला. खाली सगळं खोरं उन्हात पसरलं होतं, उसाचे पट्टे आणि मधे कांद्याचे वाफे. "आणि बंद केल्यावर एखाद्या अंगणातून पोर गेलं, तर त्याच्या आईला काय सांगू? तू सांगशील?"

"मला माहीत नाही काय सांगायचं ते," ती म्हणाली. "पण या बायकांना काय सांगायचं ते माहीत आहे, आणि तेही आजच सांगावं लागेल."

हेमंत छपरावर चढला. एकेक घार उचलून तिची बॅटरी काढताना केतकीला तो खालून दिसत होता. शेवटच्या घारीपाशी तो जरा जास्त वेळ थांबला.

*

सारिकानं ऐकून घेतलं आणि तिचं डोकं फिरलं.

"मी खोटं बोलते का? सुईनं दाखवलं म्हणतेस? ओजूला सुईनं दाखवलं?"

"सारिका..."

"त्याच्या कपाळावरची खोक दिसत होती वहिनी मला! ती सुईला कशी माहीत?"

"तुला माहीत होती ना गं."

सारिका रडली नाही. तिनं हात खांद्यावरून मागं नेला, मग कमरेकडून वर नेला. पाठीवरच्या त्या जागेपर्यंत तिची बोटं पोचेनात. तसाच हात मुरगळलेला ठेवून ती कितीतरी वेळ बसून राहिली.

"काढला की मग तो परत दिसणार नाही?"

"तो भुलेमुळं दिसला होता गं. दाणा ठेवला तरी परत दिसणार नाही."

"आणि नाही काढला तर दुसरं पोर नाही."

"चार-पाच वर्षं तरी नाही. पुढचं कुणी सांगू शकत नाही."

अंकुश उंबऱ्यात उभा होता. त्यानं बायकोकडं बघितलं. सारिकानं पदर सावरला आणि चपला घातल्या.

डॉ. इनामदारांनी जागा बधिर करून छोटासा छेद दिला. दाणा चिमट्यात आला तेव्हा तो अर्ध्याहून अधिक शिल्लक होता. "लवकर आलीस," त्या म्हणाल्या, पण त्यापुढं कसलंही आश्वासन दिलं नाही. आधीच्या तिघींना त्यांनी स्वतः फोन केले. दोघी यायला निघाल्या. तिसरीचा नवरा म्हणाला, माझ्या बायकोला वाघानं धरलं हे सगळ्या गावानं ऐकलंय, आता तुम्ही तिला वांझ ठरवता काय, आणि त्यानं फोन ठेवला.

वर येऊन केतकीनं सारिकाची नोंद उघडली. टोचल्याची जखम, परकी वस्तू आहे. हे कारकुनानं मान्य केलं, दाण्याचा फोटो समोर होता. कारणाच्या जागी तिनं यंत्रामुळे झालेली इजा असं घातलं. पडदा पिवळा झाला. या भागातील नोंदींशी हे कारण विसंगत आहे, रुग्णाच्या जबाबाशी विसंगत आहे, पुन्हा तपासा. तिनं पुन्हा तेच घातलं. मग डॉ. इनामदारांनी स्वतःचा अंगठा लावला. कारकुनानं नोंद घेतली आणि आधीच्या तिघींच्या नोंदी बदलायला मात्र साफ नकार दिला. त्या मंडळाकडं गेलेल्या होत्या, तिथून परत येत नव्हत्या.

तेवढ्यात हेमंतचा फोन आला. तो धावत असावा, धाप लागलेली ऐकू येत होती.

"मंडळाचं यंत्र बघतंय की बोरदरा लाल आहे आणि तिथं एकही घार नाही. शेजारच्या केंद्राच्या घारी वळवल्यात त्यानं. मी त्यांना फोन केला, ते म्हणतात आदेश आपोआप निघतो, वरून मंजुरीशिवाय थांबवता येत नाही. केतकी, बायका शेतात आहेत."

*

ती पोचली तेव्हा हेमंत बांधावर उभा राहून ओरडत होता. "सरळ उभ्या राहा! कुणी वाकू नका! सरळ राहा!"

बायका उभ्या राहिल्या. हातात कांद्याची रोपं, पाय चिखलात, माना वर. सबंध वाफाभर त्या खांबांसारख्या उभ्या होत्या. काहींना आधी गंमत वाटली. मग उसाच्या तुऱ्यांवर ती दिसली आणि हसू थांबलं. एक घार, अगदी खाली उतरलेली, आवाज नसलेली, एका जागी थांबून हलकेच इकडून तिकडं वळणारी. तिच्यामागं आणखी एक आली.

"जाईल ती," हेमंत म्हणाला. "उभं माणूस दिसलं की जाते. थांबा फक्त."

घार गेली नाही. ती रांगेवरून सावकाश पुढं आली, एकेका बाईवर क्षणभर थांबत. कुणाच्या तरी हातातून रोप पडलं. ते उचलायला त्या बाईची मान खाली गेली आणि शेजारणीनं तिचा दंड धरला.

रांगेच्या शेवटी एक म्हातारी होती. तिचं नाव भागूबाई, लागणीच्या कामाला जन्मभर जात आलेली. तिच्या पाठीला कायमचा बाक आला होता. ती उभी होती, तिच्या परीनं उभीच होती, पण तिची पाठ जमिनीला समांतर होती आणि हात गुडघ्यांवर टेकलेले होते. तिला कुणी काय ओरडतंय ते नीट ऐकूही येत नव्हतं.

घार तिच्यावर येऊन थांबली.

केतकीला हेमंतनं सांगितलेलं आठवलं. ही मात्रा पन्नास-साठ किलोच्या जनावराची. म्हातारीचं वजन त्याच्या निम्मं असेल. तिला भूल लागली तर ती झोपेल आणि झोपेतच श्वास घ्यायचं विसरेल. केतकी वाफे तुडवत पळाली. भागूबाईच्या अंगावर ओणवी होऊन तिनं दोन्ही हातांनी तिला कवेत घेतलं. म्हातारी दचकून "काय गं बाई, काय झालं?" म्हणाली.

"केतकी, सरळ उभी राहा!" हेमंत किंचाळला.

ती तशीच राहिली. पाठ आभाळाकडं उघडी. मुंगी चावावी तसं काहीतरी झालं, एकदम दोन ठिकाणी. तिला वाटलं होतं त्यापेक्षा ते फारच हलकं होतं.

*

जाग आली तेव्हा छत पांढरं होतं आणि जीभ जड. पाठीवर पट्टी होती. डॉ. इनामदार एका बाजूला, हेमंत दुसऱ्या बाजूला. हेमंतचे डोळे सुजले होते.

"दाणा काढलाय," डॉक्टर म्हणाल्या. "लगेच काढला. म्हातारी ठणठणीत आहे, तुझ्यासाठी शिरा घेऊन येते म्हणतेय. हेमंतनं दोन्ही घारी दगडांनी पाडल्या. त्यासाठी त्याला नोटीस येईल." त्या खाटेवर टेकल्या. "आता तुझा जबाब. माइक चालू आहे. काय झालं ते तुझ्या तोंडून हवं. इतक्या बायकांनी वाघ सांगितलाय. शुद्धीत असलेली, वेगळं सांगणारी तू पहिलीच."

केतकीनं सांगायला तोंड उघडलं आणि थबकली.

तिला तो दिसला होता. उसाची पानं बाजूला सारून आला होता. त्याच्या मिशांवरचे पाण्याचे थेंब तिला दिसले होते, त्याच्या अंगाचा ओल्या मातीसारखा वास आला होता, आणि पाठीवर त्याचा पंजा पडला तेव्हा त्या पंज्याचं वजन तिच्या हाडांना कळलं होतं. घार आठवायचा तिनं प्रयत्न केला. घारीच्या जागी नुसतं आभाळ आठवत होतं. सगळं माहीत असूनही. धागा स्वतः शोधलेला, दाणा स्वतः बोटाखाली सरकवलेला, तरीही. आत्ताही खाटेच्या पायथ्याशी, कापडी पडद्याच्या कडेला काहीतरी पिवळसर बसलेलं होतं आणि शेपटी हलवत होतं. सारिकावर आपण किती सहज विश्वास ठेवला नाही, हे तिला त्या क्षणी कळलं.

"घार होती," ती म्हणाली. प्रत्येक शब्द तिला हातानं उचलून ठेवावा लागत होता. "वरून आली. दोन सुया मारल्या."

डॉक्टरांनी तिच्या डोळ्यांकडं निरखून बघितलं. "असं तुला दिसलं?"

"मला काय दिसलं ते विचारू नका, डॉक्टर. काय झालं ते सांगतेय."

माइकचा हिरवा दिवा थोडा वेळ लुकलुकत राहिला. हेमंतनं तिचा हात घट्ट धरला. बाहेर एक जीप करकचून थांबली, दारं आपटली, आणि जिन्यापाशी एकदम गलका झाला. डॉ. इनामदार उठून दाराकडं गेल्या. चार माणसं एका पोरीला स्ट्रेचरवर पालथी घालून पळत आणत होती. शाळेचा गणवेश, दोन वेण्या, पाठीवर दप्तराच्या पट्ट्यांच्या मधोमध रक्ताचा डाग.

"कुठली?" डॉक्टरांनी विचारलं.

"खडकवाडीची," धापा टाकत एकजण म्हणाला. खडकवाडी घाटापलीकडं होती, दुसऱ्या केंद्राच्या हद्दीत. "सायकलची साखळी पडली म्हणून बसवायला वाकली होती. वाघानं धरलं, मॅडम. आम्ही सगळ्यांनी ओरडताना ऐकलं तिला. वाघ म्हणत होती."

शेजारच्या रिकाम्या खाटेजवळच्या भिंतीवर माइकचा दुसरा हिरवा दिवा लागला.